आवाज बंद करून बघा गोल्डीची गाणी!

आमच्या इंदूरच्या घरी रविवारी रात्री जेवणं झाली की सगळे मिळून एक जुना सिनेमा बघतो. सिनेमा आजी निवडते, खाऊ आई आणते, बाबा पहिल्या अर्ध्या तासात झोपतात आणि रिमोट असतो माझ्या धाकट्या भावाकडे. खरा घोळ इथेच आहे. गाणं सुरू झालं की त्याचा अंगठा आपोआप पुढे पळवायच्या बटणावर जातो. दहा सेकंद, वीस सेकंद, तीस सेकंद, संपलं गाणं!

दोन आठवड्यांपूर्वी 'गाइड' लावला होता. भावाने सवयीप्रमाणे दोन लागोपाठची गाणी पळवली आणि पुढचा सीन सुरू झाल्यावर विचारलं, "अरेच्चा! हे दोघं एकमेकांवर एवढे चिडले कधी?"

आजी शांतपणे म्हणाली, "तू पळवलंस ना, त्यात."

आजीला आता कमी ऐकू येतं. कानाला मशीन आहे, पण ते दिवसभर टोचतं म्हणून रात्री ती काढूनच ठेवते. म्हणजे ज्या गाण्यांसाठी ती भावाशी भांडते, ती तिला धड ऐकूही येत नाहीत! तरीही ती टक लावून बघते, योग्य जागी हसते, योग्य जागी "हं" म्हणते. मी विचारलं, "आजी, तुला ऐकू येत नाही तर कळतं कसं?" ती म्हणाली, "दिसतंय की सगळं."

मग मी एक प्रयोग केला. दुसऱ्या दिवशी ऑफिसला जाताना फोनवर त्याच दिग्दर्शकाची गाणी लावली आणि आवाज पूर्ण बंद ठेवला. चाल संगीतकाराची, शब्द गीतकाराचे, आवाज गायकाचा. हे सगळं काढून टाकल्यावर जे उरतं, ते दिग्दर्शकाचं. आणि या माणसाच्या बाबतीत उरतं ते खूपच आहे. म्हणून आज आपल्या सदरात विजय आनंद, म्हणजेच सगळ्यांचा लाडका गोल्डी!

भावांतला धाकटा

२२ जानेवारी १९३४ रोजी पंजाबातल्या गुरदासपूरला विजयचा जन्म झाला. आई लहानपणीच गेली. मोठा भाऊ चेतन आनंद दिग्दर्शक, मधला देव आनंद तर देव आनंदच. (आणि 'मिस्टर इंडिया'वाले शेखर कपूर हे यांच्या बहिणीचे चिरंजीव. घरात काय पाणी होतं कोण जाणे!) विजय मुंबईला आला, सेंट झेवियर्स कॉलेजात शिकला आणि त्याच वयात लिहायला लागला. १९५४ च्या 'टॅक्सी ड्रायव्हर'च्या लेखनात चेतनची पत्नी उमा आनंद यांच्यासोबत त्याचंही नाव आहे. तेव्हा तो जेमतेम विशीचा होता.

१९५७ मध्ये 'नौ दो ग्यारह' आला. लेखन आणि दिग्दर्शन दोन्ही विजय आनंदचं, वय २३. म्हणजे माझ्यापेक्षा लहान! मी त्या वयात पहिल्या नोकरीत दिवाळी ऑफरच्या जाहिराती लिहीत होते, असो.

पुढच्या सोळा वर्षांत त्याने जे काम केलं, त्यावर त्याचं नाव आजही उभं आहे. 'काला बाज़ार' (१९६०), 'तेरे घर के सामने' (१९६३), 'गाइड' (१९६५), 'तीसरी मंज़िल' (१९६६), 'ज्वेल थीफ' (१९६७), 'जॉनी मेरा नाम' (१९७०), 'तेरे मेरे सपने' (१९७१), 'ब्लॅकमेल' (१९७३). यांतल्या संगीतकारांकडे बघा. सचिन देव बर्मन, राहुल देव बर्मन, कल्याणजी-आनंदजी. कुठे प्रेमकथा, कुठे रहस्य, कुठे मारामारी. पण गाणं सुरू झालं की कळतं, हा गोल्डीच आहे.

गाणारा नाही, ऐकणारा बघा

माझ्या आवाज-बंद प्रयोगात पहिलं लागलं 'काला बाज़ार'मधलं रेल्वेच्या डब्यातलं गाणं. या सिनेमात देव आनंद थिएटरबाहेर तिकिटं ब्लॅक करणारा आहे. (त्यासाठी 'मदर इंडिया'च्या प्रीमियरला आलेल्या खऱ्या ताऱ्यांची दृश्यं वापरली आहेत, ती बघायला विसरू नका. आणि देवच्या आईच्या भूमिकेत आपल्या लीला चिटणीस आहेत. पुढे 'गाइड'मध्येही राजूची आई त्याच.)

डब्यात देव खाली बसलाय आणि वरच्या बर्थवर वहिदा रेहमान. तिची घरची माणसंही डब्यातच. तो गातो 'वरच्या'ला उद्देशून. ऐकणाऱ्यांना वाटतं, किती भाविक मुलगा, देवाला आळवतोय! प्रत्यक्षात 'वर' कोण आहे हे फक्त दोघांना ठाऊक. शब्द शैलेंद्रचे, त्यातली गंमत शैलेंद्रची. पण आवाज बंद केला तरी ती गंमत जात नाही, कारण कॅमेरा पुन्हा पुन्हा वरच्या बर्थवर जातो. वहिदा रागावते, चोरून बघते, हसू दाबते. गाणं म्हणतो देव आणि घडतं ते तिच्या चेहऱ्यावर.

एकदा हे लक्षात आलं आणि मग मला सगळीकडे तेच दिसायला लागलं. 'तेरे घर के सामने'मध्ये कुतुबमिनारच्या जिन्यावरून देव गात उतरतो आणि नूतन एक अक्षरही गात नाही. 'जॉनी मेरा नाम'मध्ये देव 'पल भर के लिए' म्हणत एकेका खिडकीतून डोकावतो, हेमा मालिनी त्या धडाधड बंद करत जाते. 'गाइड'मधल्या 'तेरे मेरे सपने'त राजू गातो, रोझी गप्प. हिंदी सिनेमात एकाने गायचं आणि दुसऱ्याने झाडाला टेकून लाजायचं, ही पद्धत जुनीच. गोल्डीने त्या गप्प बसणाऱ्याला काम दिलं. गाणं सुरू होताना ती जिथे असते, गाणं संपताना तिथे नसते. तिच्या मनाने काहीतरी ठरवलेलं असतं. म्हणूनच गाणं पळवलं की पुढचा सीन कळत नाही.

कुतुबमिनारचं आलंच आहे तर थोडं थांबते, कारण ही गोष्ट मला फार आवडते. खऱ्या मिनारची उंची साधारण ७३ मीटर, आत ३७९ पायऱ्या, आणि जिना इतका अरुंद की त्या काळचा अवजड कॅमेरा फिरवणं शक्यच नव्हतं. मग स्टुडिओत आतल्या जिन्याचा सेट उभारला आणि गाणं तिथे चित्रित झालं. १९८१ मध्ये खऱ्या मिनारमध्ये चेंगराचेंगरीची भीषण दुर्घटना झाली, त्यानंतर आतला जिना लोकांसाठी बंदच आहे. त्यामुळे माझ्या वयाच्या माणसांनी कुतुबमिनारचा जो जिना 'पाहिलाय', तो या गाण्यातला. आणि तो खोटा आहे! दिल्लीची सहल झाली तेव्हा मी बाहेरून मिनारकडे बघत मनात हाच जिना चढले होते.

त्याच सिनेमाच्या शीर्षकगीतात देवला हातातल्या ग्लासात एवढीशी नूतन दिसते. आज फोनवरचं कुठलंही ॲप हे करून देईल. १९६३ मध्ये ते कॅमेऱ्याच्या करामतीने केलं. पण मला करामतीपेक्षा नूतनचा चेहरा लक्षात राहतो. ग्लासातली असली तरी ती खरीच वाटते, खट्याळ. आजीचं म्हणणं, नूतनला ग्लासात ठेवा नाहीतर बरणीत, ती अभिनय करणारच.

'गाइड'ची तीन शॉटची गोष्ट

आता 'गाइड'. आर. के. नारायण यांच्या कादंबरीवरचा हा सिनेमा. आधी चेतन आनंद दिग्दर्शन करणार होते, पण ते 'हकीकत'कडे वळले आणि हिंदी 'गाइड' धाकट्या भावाकडे आला. इंग्रजीतही एक 'गाइड' निघाला, त्याचे दिग्दर्शक वेगळे. तो आज फारसं कुणी आठवत नाही.

विषय त्या काळाला पेलेल असा नव्हता. लग्न झालेली बाई नवऱ्याला सोडते, दुसऱ्या माणसाच्या घरी राहते, नाचते, नाव कमावते. प्रेक्षकाने तिला दोष द्यायचा की तिची बाजू घ्यायची? भाषणं देऊन हे जमलं नसतं. गोल्डीने ते गाण्यांवर सोपवलं.

'आज फिर जीने की तमन्ना है' आठवा. नेहमी गाणं मुखड्याने सुरू होतं, मग अंतरा येतो. इथे उलटं आहे, गाणं सुरूच होतं अंतऱ्याने. जणू रोझीला धीर नाही, आधी जे तोडून आली ते सांगून टाकते आणि मग मुखडा येतो. आता आवाज बंद करा. गवताने भरलेला ट्रक, हातातलं मडकं फेकून देणारी रोझी, चितोडच्या किल्ल्यावर पडेल की काय अशा कडेवरून चालणारी रोझी. घुसमटलेली बाई मोकळी झाली हे कळायला कानांची गरजच नाही. असं सांगतात की देव आनंदला हे गाणं आधी पटलंच नव्हतं, चित्रीकरण झाल्यावर पटलं. खरं-खोटं देव जाणे, पण किस्सा या गाण्याला शोभतो.

मग 'तेरे मेरे सपने'. जवळपास पाच मिनिटांचं गाणं फक्त तीन शॉटमध्ये! रील बघणाऱ्या मंडळींनो, आजच्या एका गाण्यात किती कट असतात ते मोजून बघा. मी मोजायला घेतले आणि पहिल्याच मिनिटात सोडून दिले. इथे तीन शॉट, म्हणजे मध्ये दोनच कट. आणि हे सगळं उदयपूरला संधिप्रकाशात, जेव्हा धड दिवस नसतो, धड रात्र नसते. तो उजेड रोज काही मिनिटंच टिकतो. म्हणजे आधी भरपूर तालीम करायची, कुणी किती पावलं चालायचं, कॅमेरा कुठून कुठे सरकायचा हे पाठ करायचं आणि तो उजेड आला की एका दमात शॉट घ्यायचा. चुकलं की थांबा पुढच्या वेळेपर्यंत. कॅमेरामन होते फली मिस्त्री.

एवढा खटाटोप कशासाठी? रोझी सगळं मागे टाकून आलेली आहे. राजू तिला म्हणतो आहे, मी आहे. तिने विश्वास ठेवायचा की नाही? ती त्याच्यापासून दूर जाते, थबकते, परत वळते. मध्ये कट केला असता तर तिचं हे घुटमळणं तुटलं असतं. कट नाही म्हणून आपणही तिच्यासोबत ती पावलं चालतो. मला पूर्वी वाटायचं, एका शॉटमध्ये गाणं म्हणजे दिग्दर्शकाची हौस. आवाज बंद करून बघितल्यावर वाटलं, दुसरा मार्गच नव्हता.

आणि ज्या दोन गाण्यांवरून आमच्याकडे महाभारत झालं, ती 'मोसे छल' आणि 'क्या से क्या हो गया'. एक संपतं तिथे दुसरं सुरू होतं. आधी रोझी म्हणते मला फसवलं, मग राजू म्हणतो मला. ती स्टेजवर प्रेक्षकांसमोर, तो तिथेच पण एकटा. ज्या दोघांची स्वप्नं तीन शॉटमध्ये एक झाली होती, ते आता एकमेकांशी बोलत नाहीत. भांडण असं एकही नाही. कपबशी फुटत नाही, दार आपटत नाही. आमच्या भावाने जे पळवलं ते हेच, आख्खं नातं तुटणं.

'गाइड'ला सात फिल्मफेअर पुरस्कार मिळाले, त्यांत दिग्दर्शन आणि संवाद हे दोन विजय आनंदचे. संगीताचा पुरस्कार मात्र एस. डी. बर्मनना मिळाला नाही! आजीसाठी ही आजही ताजी जखम आहे. माझं म्हणाल तर शेवटचा उपासाचा भाग मला जरा लांबलेला वाटतो. हे मी आजीसमोर बोलत नाही.

नाच, रहस्य आणि थोडं खटकणारंही

'तीसरी मंज़िल' गोल्डीने बाहेरच्या निर्मात्यासाठी केला, नासिर हुसेन यांच्यासाठी. हिरो देव नाही तर शम्मी कपूर. पंचमदांच्या करिअरला खरी गती इथून मिळाली. चित्रीकरण चालू असताना शम्मीच्या पत्नी गीता बाली गेल्या आणि काम थांबलं. पडद्यावर तो ज्या बेभानपणे नाचतो ते बघताना हे आठवलं की पोटात कालवतं.

'ज्वेल थीफ'मधलं 'होठों में ऐसी बात' तर आवाज बंद असूनही आवाज करतं! सिक्कीममधला महाल, वैजयंतीमाला आणि तिच्यासोबत गरगर फिरणारा कॅमेरा. हा सिनेमा रहस्याचा. त्यात गाणं म्हणजे खरं तर अडचण, प्रेक्षकाची उत्कंठा निघून जाते. इथे उलट आहे. ओठांवर अडवलेलं गुपित हाच गाण्याचा विषय आणि तेच कथेचं संकट. नाच रंगतो तसा जीव टांगणीला लागतो. ही लय साधायला एडिटिंगवर पकड लागते, आणि गोल्डी आपल्या सिनेमांचं एडिटिंगही स्वतः करायचा. 'गाइड'च्या संकलनातही त्याचं नाव आहे.

सगळंच गोड आहे असं नाही. 'जॉनी मेरा नाम'मधला पद्मा खन्नाचा नाच कॅमेऱ्याच्या दृष्टीने कितीही हुशारीचा असला तरी आज सगळ्या घरासोबत बघताना आई पाणी आणायला उठते. आणि खिडक्या बंद करणाऱ्या मुलीला 'नाही' म्हणू न देता गाणं म्हणत राहणारा हिरो, त्यावर माझ्या मैत्रिणींचं मत तुम्हाला माहीतच आहे. त्याच सिनेमातलं राजगीरच्या रोपवेवरचं आणि नालंदाच्या अवशेषांमधलं गाणं मात्र डोळे भरून बघा. बिहारच्या वाचकांनो, तुम्ही तर बघाच!

'ब्लॅकमेल' पडला. पण त्यातलं 'पल पल दिल के पास' आज लग्नाच्या प्रत्येक व्हिडिओत वाजतं. लोकांना वाटतं धर्मेंद्र समोर बसून राखीला गाऊन दाखवतोय. तसं नाही. राखी त्याची पत्रं वाचते आहे. तो तिथे नाहीच, असतो तो तिच्या वाचण्यात. इथे तर गोल्डीने गाणाऱ्यालाच खोलीबाहेर काढलं आणि ऐकणारीला एकटीला सगळं गाणं देऊन टाकलं! मघाशी मी ऐकणाऱ्याचं जे म्हणत होते, ते इथे पूर्ण होतं असं मला वाटतं.

त्यानंतरचे 'राम बलराम' आणि 'राजपूत' बघताना तो गोल्डी शोधावा लागतो. मोठे स्टार, मोठी गर्दी. अभिनय मात्र त्याने छान केला. जया भादुरीसोबतचा 'कोरा कागज़' (१९७४) मिळाला तर बघा. आमच्या बाबांना तो आठवतो तो १९९४ च्या दूरदर्शनवरच्या 'तहकीकात'मधला डिटेक्टिव्ह म्हणून. "हा दिग्दर्शक होता?" असं त्यांनी मला आत्ता विचारलं! २००१ मध्ये तो सेन्सॉर बोर्डाचा अध्यक्षही झाला आणि मतभेद झाल्यावर २००२ मध्ये राजीनामा देऊन मोकळा झाला. २३ फेब्रुवारी २००४ रोजी तो गेला.

तर मंडळी, या आठवड्यात वरच्यापैकी कुठलंही एक गाणं आवाज बंद करून बघा. घरात कुणी कमी ऐकू येणारं असेल तर त्यांच्या शेजारी बसून बघा. गाणारा राहू द्या, न गाणाऱ्याच्या चेहऱ्याकडे बघा आणि काय दिसलं ते मला नक्की कळवा.

आमच्याकडे गेल्या रविवारी 'तेरे मेरे सपने' गाणं पुन्हा लावलं. भाऊ बोटांवर कट मोजत बसला होता. पहिला आला तेव्हा एक बोट वर, दुसरा आला तेव्हा दुसरं, आणि मग गाणं संपेपर्यंत ती दोन बोटं तशीच. आजीने त्याच्या हातातून रिमोट अलगद काढून घेतला तरी त्याला कळलं नाही. येत्या रविवारी 'ज्वेल थीफ' आहे. शेवट फोनवर आधीच शोधायचा नाही, अशी त्याला ताकीद दिलेली आहे.